अधिक मागण्याचे नीतिशास्त्र

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या सांगितले जाते. या म्हणीत व्यवहारज्ञान आहे. वेळ, पैसा आणि मनःस्वास्थ्य यांचा न्यायालयात होणारा व्यय ज्यांनी पाहिला त्यांनीच ती रचली असणार. पण व्यवहाराच्या आड तिच्यात एक नैतिक सूचनाही दडलेली आहे. जो भांडतो तो काहीसा कमी प्रतीचा, आणि जो सोसून गप्प बसतो तो काहीसा मोठा, अशी ती सूचना होय. रस्त्यावरील अपघातात ज्याचा पाय गेला त्याने दावा दाखल करावा, इतके आपला समाज आता मान्य करतो. परंतु न्यायाधिकरणाने निवाडा दिल्यावर, काही लाखांची रक्कम ठरल्यावर, तोच माणूस ‘ही रक्कम अपुरी आहे’ म्हणून उच्च न्यायालयात अपील करतो, तेव्हा त्याच्याकडे पाहणाऱ्यांची दृष्टी थोडी बदलते. मिळाले तेवढ्यात समाधान का मानू नये, असा प्रश्न शेजारी विचारतात, नातेवाईक विचारतात, आणि पुष्कळदा तो स्वतःही स्वतःला विचारतो. दुःखाचा पैसा करणे हेच मुळी संकोचाचे. मग त्या पैशासाठी घासाघीस करणे म्हणजे निव्वळ लोभच नव्हे काय?

हा प्रश्न मला क्षुल्लक वाटत नाही. भारत सरकारच्या आकडेवारीनुसार २०२२ या एका वर्षात देशातील रस्त्यांवर ४,६१,३१२ अपघात झाले. त्यांत १,६८,४९१ माणसे मृत्यू पावली आणि ४,४३,३६६ जखमी झाली. मृतांविषयी आपण हळहळतो. जखमींच्या वाट्याला मात्र प्रदीर्घ आयुष्य येते, आणि त्या आयुष्याचा हिशेब कोणी, कसा आणि किती वेळा मांडावा हा प्रश्न दरवर्षी लाखो घरांत शिरतो. त्याचे उत्तर केवळ कायद्याच्या पुस्तकात सापडणारे नाही.

प्रथम शब्दांकडे पाहू. हिंदीत आणि उर्दूत ज्याला ‘मुआवजा’ म्हणतात त्या शब्दाच्या मुळाशी अदलाबदलीची, मोबदल्याची कल्पना आहे. एक वस्तू गेली, तिच्या जागी दुसरी आली. कायद्याच्या हिंदी पाठात ‘प्रतिकर’ असा संस्कृत वळणाचा शब्द योजिला आहे. आपला मराठी शब्द ‘भरपाई’. त्यात भरून पावल्याचा, येणे फिटल्याचा अर्थ आहे. सावकाराने कर्ज फिटल्यावर लिहून द्यावयाच्या पावतीचा सूर त्यात ऐकू येतो. नुकसानभरपाई म्हटले, की पुढे काही मागावयाचे उरले नाही असे गृहीत धरले जाते. आणि नेमके हेच गृहीत अपील करणारा नाकारतो. मी भरून पावलो नाही, असे तो म्हणतो. त्याच्या या वाक्याचे दोन अर्थ संभवतात. एक असा, की कोणत्याही रकमेने मी भरून पावणार नाही. दुसरा असा, की जी रक्कम ठरविली ती ठरविताना माझे काहीतरी मोजावयाचे राहून गेले. पहिला अर्थ दुःखाचा आहे आणि दुसरा न्यायाचा. या दोहोंची गल्लत झाल्यामुळेच अपिलाविषयीचा आपला नैतिक गोंधळ निर्माण होतो, असे मला वाटते.

भरपाईची कल्पना अर्वाचीन नाही. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात रथ आणि गाड्या यांच्या अपघातांचा विचार चक्क कलमवारीने केलेला आढळतो. बैलाची वेसण तुटली, जू मोडले, आख किंवा चाक मोडले, अथवा सारथ्याने ‘दूर व्हा’ म्हणून ओरडून सावध केले होते, अशा प्रसंगी दंड नाही. परंतु हाकणाऱ्याच्या अकौशल्यामुळे गाडी वाट सोडून गेली आणि इजा झाली तर दंड आहे, आणि अकुशल माणसाच्या हाती गाडी देणाऱ्या मालकालाही तो चुकत नाही. त्याच अध्यायात, दुसऱ्याच्या अंगाला इजा करणाऱ्याने ‘समुत्थानव्यय’ द्यावा असे सांगितले आहे. समुत्थान म्हणजे पुन्हा उठून उभे राहणे. जखमी मनुष्य पुन्हा उभा राहीपर्यंत जो खर्च येईल तो ज्याने इजा केली त्याने सोसावा, हा त्याचा आशय. दंड राजाच्या कोशात जातो, समुत्थानव्यय मात्र जखमीच्या हाती येतो. इतक्या प्राचीन काळीही दैव आणि हयगय यांच्यात रेघ ओढण्याचा प्रयत्न झाला, ही गोष्ट आज अपघाताला सरसकट ‘प्रारब्ध’ म्हणून मोकळे होणाऱ्यांनी ध्यानात घ्यावी. आख मोडला तर ते दैव म्हणता येईल. ज्याला गाडी हाकता येत नाही त्याच्या हाती कासरा देणे हे दैव नव्हे. प्रारब्धाची भाषा बोलून आपण जखमीचे सांत्वन करीत आहो असे आपल्याला वाटते; प्रत्यक्षात तिचा लाभ बहुधा दुसऱ्याच पक्षाला होतो.

मात्र त्याच ग्रंथात दंडाचे प्रमाण वर्णानुसार बदलते, हेही विसरून चालणार नाही. कोणाचे अंग कोणामुळे दुखावले, यावर अपराधाचे वजन ठरत असे. ती मोजपट्टी आज आपण टाकून दिली आहे. तिच्या जागी कोणती आली, हे पुढे पाहू.

आधुनिक काळात या विषयाची व्यवस्था मोटार वाहन कायदा, १९८८ याने लावून दिली आहे. त्याच्या १६८ व्या कलमाने न्यायाधिकरणावर एकच विशेषण सोपविले: भरपाई ‘न्याय्य’ असली पाहिजे. न्याय्य म्हणजे किती, हे त्या कलमात सांगितलेले नाही, आणि सांगता येण्याजोगेही नव्हते. कलम १७३ नुसार निवाड्याने असमाधानी असलेल्या पक्षाला नव्वद दिवसांच्या आत उच्च न्यायालयात अपील करता येते. पूर्वी वादातील रक्कम दहा हजारांहून कमी असेल तर अपील करता येत नसे. २०१९ च्या दुरुस्तीने ही मर्यादा एक लाखावर नेली. ज्याचे महिन्याचे उत्पन्न दहा हजार आहे त्याच्या दृष्टीने एक लाख म्हणजे जवळजवळ वर्षभराची मिळकत होय, आणि तेवढ्या रकमेच्या चुकीबद्दल त्याला आता वर दाद नाही. कायद्याच्या दृष्टीने किरकोळ काय आणि एका घराच्या दृष्टीने किरकोळ काय, यांतले अंतर या एका तरतुदीत दिसते.

न्याय्य या शब्दाला आकार देण्याचे काम न्यायालयांनी हळूहळू केले आणि ते करताना ‘गुणक’ नावाची एक रीत स्थिरावली. जखमीचे वार्षिक उत्पन्न घ्यावे, अपंगत्वामुळे त्यातले किती टक्के गेले ते ठरवावे, आणि वयानुसार ठरलेल्या आकड्याने गुणावे. सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली या गुणकांचे एक कोष्टक मान्य केले. पंचविशीच्या आतील तरुणासाठी अठरा, छत्तीस ते चाळीस वयासाठी पंधरा, आणि उतरत उतरत पासष्टीपुढच्यांसाठी पाच. वेदना, मनस्ताप, आयुष्यातील सुखांना मुकणे यांसाठी वेगळी रक्कम धरावयाची. १९९५ साली एका वकिलाच्या प्रकरणात निकाल देताना याच न्यायालयाने मोकळेपणाने मान्य केले, की अशा ठिकाणी थोडाफार अंदाज, थोडी कल्पना आणि थोडी सहानुभूती यांवाचून आकडा निघतच नाही.

या मान्यतेला मी फार मोल देतो. कारण अपिलाविरुद्धचा पहिला आक्षेप येथेच उभा राहतो. वेदनेला किंमत नसते. मग पाच लाख काय आणि पंधरा लाख काय, दोन्ही सारखेच अपुरे. तेव्हा अधिक मागण्यात तर्क कोणता? जर्मन तत्त्वज्ञ कांट याने १७८५ साली किंमत आणि प्रतिष्ठा यांत केलेला भेद या आक्षेपाच्या मदतीला धावून येतो. ज्याच्या जागी दुसरी वस्तू ठेवता येते त्याला किंमत असते. ज्याच्या जागी काहीच ठेवता येत नाही त्याला प्रतिष्ठा असते. माणूस दुसऱ्या वर्गात मोडतो. मग त्याच्या पायाचा भाव ठरविणे हीच एक विटंबना नव्हे काय?

हा युक्तिवाद उदात्त आहे, पण तो नीट तपासला तर त्याचे टोक भलत्याच दिशेला वळते. अमूल्य आहे म्हणून काहीच देऊ नये, असे त्यातून कधीच निष्पन्न होत नाही. आणि अमूल्य आहे म्हणून कितीही थोडे दिले तरी चालेल, हे तर त्याहून होत नाही. पाय अमूल्य आहे हे खरे. पण कृत्रिम पायाला किंमत आहे, तो काही वर्षांनी बदलावा लागतो त्याला किंमत आहे, घरात सोबतीला राहणाऱ्या माणसाच्या वेळेला किंमत आहे, बुडालेल्या रोजगाराला आहे. अमूल्याच्या भोवती मूल्य असलेल्या शेकडो गोष्टी गुंफलेल्या असतात. अपील बहुतेक वेळा त्या गोष्टींविषयी असते. अमूल्याची भाषा जेव्हा देणाऱ्याच्या तोंडी येते, तेव्हा ती जपून ऐकावी.

अ‍ॅरिस्टॉटलने आपल्या नीतिशास्त्राच्या पाचव्या भागात न्यायाधीशाला एका रेषेची उपमा योजून समजावून दिले आहे. एक रेषा असमान भागांत तोडली गेली असेल, तर मोठ्या भागातला जादा तुकडा काढून लहान भागाला जोडणे हे न्यायाधीशाचे काम. ही कल्पना सुबक आहे. पण अपघातात तुटलेली रेषा अशी सांधता येत नाही, कारण एकाचे जे गेले ते दुसऱ्याला मिळालेले नसते. ट्रकचालकाला पादचाऱ्याचा पाय मिळत नाही. त्यातही आपल्या देशात १९४६ पासून त्रयस्थाच्या जोखमीचा विमा बंधनकारक आहे; तेव्हा रक्कम चालकाच्या खिशातून न जाता सर्व वाहनधारकांनी भरलेल्या हप्त्यांच्या साठ्यातून जाते. सूडाचे समाधान या व्यवस्थेत नाही, आणि पश्चात्तापालाही तिच्यात जागा ठेवलेली नाही. उरते ती एक सामाजिक जबाबदारी: रस्ते आपण सर्वांनी मिळून धोक्याचे केले, वेगाचा लाभ आपण सर्व घेतो, तेव्हा त्याचा भार ज्या एकावर कोसळला त्याला आपण सर्वांनी मिळून सावरले पाहिजे. वाढीव भरपाई मागणारा मनुष्य कोणा एका शत्रूकडे मागत नसतो. तो या सामायिक साठ्यातील आपला वाटा नीट मोजला गेला की नाही, एवढे विचारीत असतो.

येथे दुसरा आक्षेप पुढे येतो, आणि तो आपल्या परंपरेच्या अधिक जवळचा आहे. समाधान आणि क्षमा यांना आपण थोर गुण मानतो. १९०८ च्या फेब्रुवारीत जोहान्सबर्ग येथे मीर आलम व त्याच्या साथीदारांनी गांधीजींना रक्तबंबाळ होईपर्यंत मारहाण केली, तेव्हा शुद्धीवर आल्यावर हल्लेखोरांवर खटला भरू नये अशीच इच्छा त्यांनी व्यक्त केली. पुढच्याच वर्षी लिहिलेल्या ‘हिंद स्वराज्य’ या पुस्तकात त्यांनी वकिली पेशावर कठोर टीका केली. या उदाहरणापुढे लाख-दोन लाखांसाठी अपील करणारा माणूस खुजा दिसतो, हे कबूल केले पाहिजे. परंतु क्षमेच्या व्याकरणाकडे थोडे लक्ष देऊ. क्षमा करणारा आपल्या वाट्याचे जे आहे तेच सोडून देऊ शकतो, दुसऱ्याच्या वाट्याचे नाही. गांधीजींचा देह गांधीजींचा होता. पण ज्याच्या मजुरीवर म्हातारी आई, पत्नी आणि शाळेत जाणारी दोन मुले अवलंबून आहेत, त्याचा पाय एकट्याचा नसतो. तो चालकाला मनाने क्षमा करू शकतो, आणि करावीही. पण मुलीच्या शिक्षणाचे पैसे आपल्या औदार्याच्या खाती लिहून टाकण्याचा अधिकार त्याला नाही. शिवाय क्षमा ही अपराध्याला करता येते, हिशेबाला नाही. विमा कंपनीच्या कोष्टकात उत्पन्न कमी धरले गेले असेल, तर ती चूक दुरुस्त करून घ्यावयाची असते. तिला क्षमा करण्यात कोणतेही आध्यात्मिक श्रेय नाही.

समाधानाचेही तसेच. ते स्वतः निवडले तर गुण ठरते. दुसऱ्याने लादले तर त्याचे नाव बदलते. आणि असा अनुभव आहे, की समाधानाचा उपदेश आपल्या समाजात खालच्या दिशेने अधिक वेगाने वाहतो.

प्रत्यक्ष निकालांकडे वळलो, की अपिलात काय पणाला लागलेले असते ते स्पष्ट होते. २०१० च्या ऑक्टोबरात सर्वोच्च न्यायालयाने एका निकालात एक साधा पण मूलगामी मुद्दा मांडला. डॉक्टरांच्या दाखल्यातील टक्केवारी ही देहाविषयी असते. जगण्याच्या साधनाविषयी नसते. डावा हात तुटला तर सुताराचा किंवा वाहनचालकाचा जवळजवळ सारा चरितार्थ जातो. कारकुनाची नोकरी मात्र टिकू शकते. दाखला दोघांचा एकच, नुकसान मात्र सारखे नाही. २०१४ साली पाय गमावलेल्या एका तरुण भाजीविक्रेत्याच्या प्रकरणात हाच विचार पुढे गेला. उच्च न्यायालयाने त्याच्या कमाईच्या क्षमतेतील हानी ६५ टक्के धरली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती ८५ टक्के धरली आणि त्याचे गृहीत उत्पन्नही वाढविले. वीस टक्क्यांचा हा फरक म्हणजे काय? भाजी विकणे हा बसून करावयाचा धंदा आहे असे दुरून वाटते. पहाटे बाजारात जाणे, माल निवडणे, तो उचलणे, गाडी ढकलणे, हे सारे ज्याला माहीत नाही त्याला त्या धंद्यात पायाचे काम दिसत नाही. अपिलाने त्या माणसाला अधिक रक्कम मिळवून दिली, हे खरेच. पण त्याआधी त्याचे काम म्हणजे नेमके काय, हे कोणीतरी समजून घेतले.

२०११ सालच्या आणखी एका प्रकरणात एका हमालाने आपले उत्पन्न महिन्याला साडेचार हजार असल्याचे सांगितले होते. खालच्या न्यायालयांनी पुराव्याअभावी ते तीन हजार धरले. सर्वोच्च न्यायालयाने विचारले, की असा मजूर कागदपत्रे कोठून आणणार? त्याची मागणी अवास्तव दिसत नसेल, तर ती नाकारावी का? येथे दीड हजारांचा प्रश्न होता, पण त्यामागे मोठा प्रश्न उभा होता. ज्याच्या श्रमाची कोठे नोंदच होत नाही, त्याचे श्रम झालेच नाहीत असे समजावयाचे काय?

याच प्रश्नाचे सर्वांत बोचरे रूप गृहिणीच्या बाबतीत दिसते. १९९४ साली कायद्याला जोडलेल्या परिशिष्टात मिळकत नसलेल्या व्यक्तीचे उत्पन्न वर्षाला पंधरा हजार, आणि कमावत्या माणसाच्या जोडीदाराचे त्या कमावत्याच्या उत्पन्नाच्या एक तृतीयांश असे गृहीत धरले होते. ते परिशिष्ट २०१८ पर्यंत बदलले गेले नाही. २००१ च्या जनगणनेने तर घरकाम करणाऱ्या स्त्रियांना भिकारी, वेश्या आणि कैदी यांच्या रांगेत, बिगरकामकरी म्हणून बसविले होते. २०१० साली एका अपिलाचा निकाल देताना सर्वोच्च न्यायालयाने या वर्गीकरणावर खेद व्यक्त केला. २०२१ च्या जानेवारीत त्याच न्यायालयाने पुन्हा सांगितले, की गृहिणीसाठी उत्पन्न गृहीत धरणे हा तिच्या श्रमाला मान्यता देण्याचा मार्ग आहे. या निकालांपर्यंत पोहोचण्यासाठी कोणीतरी आधी म्हणावे लागले, की ही रक्कम कमी आहे. ज्यांनी ते म्हटले त्यांच्यावर लोभाचा आरोप झाला असेल की नाही हे सांगता येत नाही. पण त्यांच्या ‘लोभा’तून लक्षावधी स्त्रियांच्या कामाची गणती सुरू झाली.

आता जी मोजपट्टी मागे सोडली होती तिच्याकडे परत येऊ. तीस वर्षांचे दोन पुरुष एकाच बसमध्ये शेजारी बसले आहेत, असे समजा. एकाचे उत्पन्न महिना दहा हजार, दुसऱ्याचे एक लाख. अपघातात दोघांचाही एकेक पाय जातो, आणि दोघांचीही कमाईची क्षमता निम्म्याने घटली असे ठरते. भावी उत्पन्नवाढ बाजूला ठेवली तरी गुणक सतरा धरून पहिल्याचा हिशेब दहा लाख वीस हजार होतो, दुसऱ्याचा एक कोटी दोन लाख. गणितात चूक नाही. दुसऱ्याचे नुकसान खरोखरच दसपट आहे, कारण त्याचे उत्पन्न दसपट होते. परंतु ते दसपट का होते, हा प्रश्न न्यायाधिकरणाच्या कक्षेत येत नाही. वर्णाची मोजपट्टी गेली आणि उत्पन्नाची आली. नवी मोजपट्टी जुनीपेक्षा निःसंशय अधिक सभ्य आहे, कारण ती जन्माकडे पाहत नाही. पण समाजात जी विषमता आधीच आहे तिची ती इमाने इतबारे नक्कल उतरवते. भरपाईचे तत्त्व माणसाला अपघातापूर्वी जेथे होता तेथे परत नेऊन ठेवण्याचे आहे. जो आधीच उतारावर उभा होता त्याला ते त्याच उतारावर नेऊन ठेवते.

यावरून कोणी म्हणेल, की मग श्रीमंताच्या अपिलालाही आपण तेच नैतिक बळ देणार काय? माझे उत्तर असे, की हिशेबाची चूक कोणाचीही असो, ती दुरुस्त व्हावी. तेथे भेद नको. पण नैतिक निकड सारखी नसते. दुसऱ्याचे अपील त्याच्या पूर्वीच्या राहणीच्या रक्षणासाठी असते, पहिल्याचे पुष्कळदा निव्वळ जगण्यासाठी. आणि वेदनेच्या रकमेत तरी या दोघांत अंतर पडू नये. तुटलेल्या हाडाला पगारपत्रक नसते.

अपील करणाऱ्याच्या बाजूने इतके बोलल्यावर, त्या मार्गावर जी एक खरी नैतिक अडचण आहे ती लपवून ठेवणे योग्य होणार नाही. ती लोभाची नाही. ती वेगळीच आहे. अधिक भरपाई मागणाऱ्याला आपले उणेपण सिद्ध करावे लागते. ज्या वर्षांत त्याने पुन्हा उभे राहावयाचे, त्याच वर्षांत त्याला कागदोपत्री आडवेच राहावे लागते. उलटतपासणीत विचारले जाते: तुम्ही जिना चढू शकता ना? तुम्ही दुकानावर बसता ना? प्रत्येक ‘होय’ त्याच्या धीराचा पुरावा असतो, आणि तोच त्याच्या दाव्यातून वजा होतो. १९८१ साली बस-अपघातानंतर एक पाय गमावलेल्या सुधा चंद्रन जयपूर फूट लावून पुन्हा रंगमंचावर नाचल्या, ही कथा आपण मुलांना अभिमानाने सांगतो. पण असे धैर्य दाखविणाऱ्या सामान्य माणसाला न्यायालयात विचारले गेले, की तुमचे नुकसान मग फारसे झालेच नाही म्हणावयाचे, तर आपण काय उत्तर देऊ?

माझ्या मते याचे उत्तर असे, की जो प्रयत्न माणूस स्वतः करतो त्याची रक्कम त्याच्याच खात्यावर जमा झाली पाहिजे, देणेकऱ्याच्या नव्हे. पूर्वी जी गोष्ट सहज घडत होती ती आता जिद्दीने घडवावी लागते, हाच एक तोटा आहे, आणि तो रोजचा आहे. कायद्याच्या भाषेत तो ‘आयुष्यातील सुखसोयींना मुकणे’ या शीर्षकाखाली कसाबसा बसतो. परंतु अर्जदारानेही एक पथ्य पाळले पाहिजे. रक्कम वाढावी म्हणून बरे होणे पुढे ढकलणे, चालता येत असून कुबडी घेऊन साक्षीला जाणे, हे केवळ न्यायालयाशी खोटे बोलणे नव्हे. खटला वर्षानुवर्षे चालतो, आणि इतकी वर्षे वठविलेली भूमिका अंगात मुरते. समुत्थानाचा खर्च मागत असता समुत्थानच टाळावे, यासारखी शोकांतिका नाही. अधिक मागण्याचा अधिकार सत्याच्या मर्यादेतच अधिकार राहतो.

या अडचणीला धार येते ती आणखी एका कारणाने. भरपाई एकदाच मिळते. निवाडा अंतिम झाल्यावर पाच वर्षांनी शस्त्रक्रिया करावी लागली तर पुन्हा दार ठोठावता येत नाही. २००२ च्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयाने याकडे लक्ष वेधले आणि भविष्यातील उपचारांचा खर्च निवाड्यातच धरावा, तसेच अर्जात मागितले त्याहून अधिक देणे न्याय्य असेल तर न्यायाधिकरणाने ते द्यावे, असे सांगितले. मागणाऱ्याने कमी मागितले म्हणून न्यायाने कमी द्यावे असे नाही. मागणीचे भान नसणे हाही गरिबीचाच एक भाग आहे, हे येथे गृहीत धरलेले दिसते. ज्याला एकदाच विचारले जाणार आहे, त्याने संपूर्ण आयुष्याचा विचार करून उत्तर द्यावयाचे. आणि त्या उत्तरात चूक झाली तर अपील ही ती दुरुस्त करण्याची अखेरचीच संधी.

२०२० च्या फेब्रुवारीतील एका निकालाने ही संधी किती मोठी असू शकते ते दाखवून दिले. अपघाताच्या वेळी बारा वर्षांची असलेली एक मुलगी मेंदूच्या इजेमुळे जन्मभरासाठी परावलंबी झाली होती. अपघात २००७ चा. न्यायाधिकरणाने सुमारे अकरा लाख दिले, उच्च न्यायालयाने ते सुमारे पंचवीस लाख अठ्ठ्याहत्तर हजार केले, आणि सर्वोच्च न्यायालयाने बासष्ट लाख सत्तावीस हजार. वाढीचा मोठा भाग एकाच प्रश्नातून आला: या मुलीजवळ दिवसरात्र कोण बसणार? न्यायालयाने दोन परिचारकांचा महिन्याचा खर्च दहा हजार धरला आणि त्याला अठराचा गुणक लावला; एकवीस लाख साठ हजार झाले. आई बसेल, असे उत्तर आपल्या समाजात इतके सहज येते की त्याला खर्च म्हणावे हे सुचतच नाही. ज्यांनी हे प्रकरण वर्षानुवर्षे लावून धरले त्यांनी त्या मुलीला तिचे बालपण परत दिले नाही. तिची आई दमते, म्हातारी होते, एक दिवस राहणार नाही, ही गोष्ट मात्र त्यांनी निवाड्यात लिहवून घेतली.

आणि ज्यांच्यासमोर अपील करावयास कोणी प्रतिपक्षच नाही, त्यांचे काय? धडक देऊन पळून गेलेल्या वाहनाचा पत्ता लागला नाही, तर जखमीला सरकारी योजनेतून ठरावीक रक्कम मिळते. गंभीर दुखापतीस ती साडेबारा हजार होती. १ एप्रिल २०२२ पासून पन्नास हजार झाली. येथे ना उत्पन्न पाहिले जाते, ना वय, ना परिचारकाचा खर्च. पाय तोच, वेदना तीच, घर तेच. केवळ गाडीचा क्रमांक कोणी टिपला नाही, म्हणून हिशेबाची सारी शास्त्रे एकाएकी मुकी होतात. भरपाई ही अपराध्याने द्यावयाची शिक्षा असती तर हे समजण्यासारखे होते. अपराधी सापडला नाही, शिक्षा झाली नाही. पण ती आपण सर्वांनी मिळून उचलावयाचा भार आहे, असे जर आपण मानीत असू, तर चालक सापडला की न सापडला याने जखमीच्या हक्कात इतका फरक का पडावा? अधिक मागण्याचा अधिकार नैतिक असेल, तर तो या माणसालाही आहे. ज्यांना उच्च न्यायालयाची पायरी चढता आली त्यांनी आपल्या मागणीतून मोजण्याची रीत थोडी थोडी सुधारली. ज्याला चढावयाला पायरीच नाही, त्याची मागणी आता आपणच, म्हणजे ज्यांचे पाय शाबूत आहेत त्यांनी, मांडावयाची राहिली आहे.